संरक्षणाच्या आदेशाला न्यायालयात आव्हान मिळाले तर: शेतजमीन आणि पाणथळ जागा राखणाऱ्यांसाठी मार्गदर्शक

खाडीकाठची भातशेती, गावतळे किंवा एखादी पाणथळ जागा यांना शासनाच्या आदेशाने संरक्षण मिळाले, की आपले काम संपले असे बहुतेक गावांना वाटते. परंतु आसपासच्या जमिनीचा भाव चढत असेल, तर त्या आदेशाविरुद्ध आज ना उद्या याचिका येणार, हे गृहीत धरलेले बरे. ती कधी जमीनमालक करतो, कधी विकासक करतो, तर कधी ज्या खात्याला तेथून रस्ता किंवा बंदर न्यायचे असते, ते खातेच आदेश सैल करून मागते. अशा वेळी गावकऱ्यांनी, ग्रामसभेने किंवा स्थानिक संस्थेने क्रमाने काय करावे, हे या कामात नव्याने उतरणाऱ्यांसाठी येथे मांडले आहे. विवेचन मुख्यतः महाराष्ट्र आणि गोव्यातील परिस्थितीला धरून आहे. केंद्राचे कायदे आणि नियम दोन्हीकडे लागू आहेत.

सुरुवातीलाच एक गोष्ट मनात पक्की करावी. पाणथळ जागा मौल्यवान आहे की नाही, यावर न्यायालयात फारसा वाद होत नाही. ते याचिकाकर्त्याचे वकीलही पहिल्याच परिच्छेदात मान्य करून टाकतात. वाद होतो तो तीन गोष्टींवर: आदेश काढणाऱ्याला तो काढण्याचा अधिकार होता का, ठरलेली कार्यपद्धती पाळली गेली का, आणि आदेशातली जागा म्हणजे नेमकी जमिनीवरची कोणती जागा. चांगल्या हेतूने काढलेले आदेश या तीनपैकी एखाद्या ठिकाणी कच्चे राहतात आणि तेथेच पडतात. म्हणून आपली तयारीही या तीन गोष्टींभोवतीच असली पाहिजे. वकील लागेलच, पण गावाकडचे कागद आणि गावाची माहिती वकिलाच्या हाती देण्याचे काम गावालाच करावे लागते.

पहिली पायरी: आदेश कोणत्या प्रकारचा आहे, ते ओळखणे

सरसकट सगळ्याला ‘जीआर’ म्हणण्याची आपल्याकडे सवय आहे आणि ती येथे घातक ठरते. विधिमंडळाने किंवा संसदेने केलेला अधिनियम, अधिनियमाखाली केलेले नियम, राजपत्रात प्रसिद्ध झालेली अधिसूचना, मंत्रालयातून निघालेला शासन निर्णय, जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश आणि प्रादेशिक किंवा विकास योजनेतील हरित पट्ट्याची नोंद या सहा वेगवेगळ्या गोष्टी आहेत. त्यांचे बळ वेगळे, त्यांना आव्हान देण्याची जागा वेगळी आणि त्या पडण्याची कारणेही वेगळी. शासन निर्णय हा कार्यकारी अधिकारातला असतो. कायद्यात जेथे मोकळी जागा आहे तेथे तो चालतो, पण कायद्याच्या विरुद्ध जाऊ शकत नाही. पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६ खालची अधिसूचना त्याहून पुष्कळ भक्कम असते. मात्र त्या अधिनियमाखाली केलेल्या नियमांतील नियम ५ प्रमाणे आधी मसुदा प्रसिद्ध करून हरकतींसाठी ६० दिवस द्यावे लागतात. सार्वजनिक हितासाठी ही पायरी वगळता येते, परंतु त्याची कारणे शासनाला दाखवता आली पाहिजेत. रस्ते, रेल्वे अशा रेषीय प्रकल्पांसाठी माती उचलण्याला पर्यावरणीय परवानगीतून २०२० मध्ये केंद्राने सूट दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने २१ मार्च २०२४ रोजी ती सूट रद्द केली, आणि त्यामागे जनतेच्या हरकती न मागवण्याला पटणारे कारण नसणे हा मोठा मुद्दा होता. तेथे संरक्षण सैल करणारी अधिसूचना पडली, हे खरे. पण हेच हत्यार संरक्षण देणाऱ्या अधिसूचनेवरही चालते, हे विसरू नये.

आदेशाची पाळेमुळे किती खोल असू शकतात, याचे महाराष्ट्रातले ठळक उदाहरण म्हणजे डहाणू. केंद्र शासनाने २० जून १९९१ रोजी अधिसूचना काढून डहाणू तालुका पर्यावरणीयदृष्ट्या नाजूक ठरवला, तालुक्याभोवती २५ किलोमीटरचा राखीव पट्टा आखला आणि उद्योगांसाठीच्या जमिनीवर मर्यादा घातली. चिकूच्या बागा, भातशेती, खाडीतली तिवरे आणि किनाऱ्यावरची मासेमारी यांना त्यातून आधार मिळाला. अंमलबजावणी होत नाही म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, ३१ ऑक्टोबर १९९६ रोजी निर्णय झाला आणि डिसेंबर १९९६ मध्ये न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्या अध्यक्षतेखाली डहाणू तालुका पर्यावरण संरक्षण प्राधिकरण स्थापन झाले. अधिनियम, अधिसूचना, सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आणि कायमचे प्राधिकरण अशा चार थरांचे संरक्षण फार थोड्या तालुक्यांना मिळाले आहे. तरीही त्याच प्राधिकरणाने ३१ जुलै २०२३ रोजी वाढवण बंदराला अटींसह परवानगी दिली आणि त्याविरुद्धच्या याचिका मुंबई उच्च न्यायालयाने १८ एप्रिल २०२४ रोजी फेटाळल्या. तज्ज्ञ प्राधिकरणाच्या निष्कर्षात न्यायालये सहसा हात घालत नाहीत. हे तत्त्व प्राधिकरण आपल्या बाजूने असताना आपल्याला तारते आणि प्राधिकरणाची भूमिका बदलली की आपल्याच विरुद्ध उभे राहते. म्हणून प्राधिकरणापुढच्या सुनावणीतच आपले पुरावे आणि हरकती लेखी स्वरूपात नोंदवून ठेवाव्यात. ते नंतर उच्च न्यायालयात मांडू, या भरवशावर राहू नये.

अधिकाराचा मुद्दा किती निर्णायक ठरतो, ते बेंगळुरूच्या तलावांच्या प्रकरणात दिसले. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने मे २०१६ मध्ये तलावांभोवतीचा मोकळा पट्टा ७५ मीटरपर्यंत वाढवला होता. ५ मार्च २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती वाढ रद्द केली, कारण शहराच्या बृहत् आराखड्यात कायद्याने ठरलेले अंतर न्यायाधिकरणाला स्वतःच्या आदेशाने बदलता येत नाही. तलावांना मोठा पट्टा हवा की नको, या प्रश्नापर्यंत प्रकरण पोचलेच नाही. आपल्या आदेशाच्या शिरोभागी किंवा प्रस्तावनेत कोणत्या कलमाचा उल्लेख आहे, ते म्हणूनच सर्वांत आधी वाचावे आणि त्या कलमाने तो अधिकार खरोखर दिला आहे का, हे वकिलाला विचारावे.

दुसरी पायरी: आपल्या जमिनीवर नेमके कोणते संरक्षण आहे, ते तपासणे

या पायरीवर सर्वाधिक गोंधळ होतो, म्हणून येथे थोडे थांबू. पाणथळ जागा (संवर्धन व व्यवस्थापन) नियम, २०१७ यांच्या व्याख्येतून काही गोष्टी स्पष्टपणे वगळल्या आहेत: नदीचे पात्र, भातखाचरे, पिण्याच्या पाण्यासाठी मुद्दाम बांधलेले जलाशय, आणि मत्स्यसंवर्धन, मीठ उत्पादन, मनोरंजन व सिंचन यांसाठी मुद्दाम केलेली बांधकामे. शिवाय वन कायदे, वन्यजीव कायदा आणि किनारा नियमन क्षेत्र अधिसूचना यांखाली येणाऱ्या क्षेत्रातील पाणथळ जागांना हे नियम लागूच होत नाहीत. याचा व्यावहारिक अर्थ असा, की कोकणातली खारजमीन, गोव्यातले खाजन (खाडीकाठची बांध घालून राखलेली शेतजमीन), मिठागर आणि विदर्भातले माजी मालगुजारी म्हणजेच ‘मामा’ तलाव यांच्याबद्दल ‘ही पाणथळ जागा आहे’ एवढ्याच आधारावर काढलेला आदेश याचिकाकर्ता पहिल्याच सुनावणीत खिळखिळा करू शकतो.

परंतु याचा अर्थ या जागा उघड्या पडल्या असा नाही. त्यांचे कवच वेगळ्या कायद्यांत असते. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांत निस्तार पत्रक (सामाईक जमिनीच्या वापराची नोंद) आणि वाजिब-उल-अर्ज (रूढीने चालत आलेल्या हक्कांची नोंद) ही महाराष्ट्र जमीन महसूल संहितेने मान्य केलेली कागदपत्रे आहेत. मामा तलावातले पाणी, मासे आणि गाळ यांवरचे गावाचे हक्क त्यांत नोंदलेले सापडतात. तलाव सिंचनासाठी बांधलेला असला, तरी निस्तार हक्क त्यामुळे संपत नाही. खाडीकाठी कांदळवन असेल, तर ते किनारा नियमन क्षेत्राच्या सर्वांत कडक वर्गात मोडते. मुंबई उच्च न्यायालयाने १७ सप्टेंबर २०१८ च्या निकालात कांदळवनाचे क्षेत्र कितीही असले तरी त्याला हे संरक्षण आहे असे सांगून भोवतीचा ५० मीटरचा पट्टा मोकळा ठेवण्यास सांगितले, आणि कांदळवनांचा नाश हा जगण्याच्या मूलभूत हक्कावरचा घाला मानला. अनुसूचित क्षेत्रातील गाव असेल, तर लहान जलसाठ्यांचे नियोजन पंचायतीकडे सोपवणारा १९९६ चा पेसा कायदा आहे. भातशेती बिगरशेतकऱ्याला विकण्यावर महाराष्ट्रात कूळकायद्याच्या कलम ६३ ची बंदी आहे. गोव्यात २०२३ साली शेतजमीन हस्तांतरणावर निर्बंध घालणारा स्वतंत्र अधिनियम झाला.

अधिसूचित न झालेल्या पाणथळ जागांबद्दल आणखी एक आधार लक्षात ठेवावा. इस्रोच्या अहमदाबाद येथील अंतराळ उपयोग केंद्राने तयार केलेल्या राष्ट्रीय नकाशासंग्रहात सव्वादोन हेक्टरांहून मोठ्या २,०१,५०३ पाणथळ जागा नोंदल्या होत्या. त्यांना २०१० च्या नियमांतील नियम ४ च्या तत्त्वांनुसार संरक्षण द्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितले. पुढे ११ डिसेंबर २०२४ च्या आदेशात न्यायालयाने राज्यांना प्रत्यक्ष जागेवर जाऊन पडताळणी आणि सीमांकन तीन महिन्यांत करण्यास फर्मावले. तोवर नव्या नोंदीतील संख्या २,३१,१९५ झाली होती. आपली जागा या यादीत आहे का, हे जिल्हाधिकारी कार्यालयाकडे किंवा राज्याच्या पाणथळ प्राधिकरणाकडे माहितीच्या अधिकारात विचारावे.

तिसरी पायरी: याचिका मिळवणे आणि ती उलट्या क्रमाने वाचणे

याचिका दाखल झाल्याची बातमी बहुधा वर्तमानपत्रातून किंवा एखाद्या कर्मचाऱ्याकडून कळते. ई-कोर्ट्स सेवेवर पक्षकाराच्या नावाने शोध घेतला, की प्रकरणाचा क्रमांक, पुढची तारीख आणि आजवरचे आदेश दिसतात. त्यातला अक्षरे आणि अंक मिळून सोळा चिन्हांचा सीएनआर क्रमांक वहीत लिहून ठेवावा, कारण पुढचा सगळा पाठपुरावा त्यावर चालतो. ग्रामपंचायत प्रतिवादी असेल, तर याचिकेची पूर्ण प्रत तिला बजावलेली असते आणि पुष्कळदा ती ग्रामसेवकांच्या कपाटात तशीच पडून राहते. आधी तेथे चौकशी करावी.

प्रत हाती आल्यावर शेवटच्या पानांपासून सुरुवात करावी. याचिकेच्या अखेरीस ‘विनंती’ असते. न्यायालय द्यायचे झाले तर जे देईल, ते याच चार-पाच ओळींत असते. संपूर्ण अधिसूचना रद्द करा अशी मागणी आहे, की फक्त याचिकाकर्त्याचा गट त्यातून वगळा अशी आहे, की पुन्हा सुनावणी द्या एवढीच आहे, यावर आपला प्रतिसाद ठरतो. त्यानंतर अंतरिम विनंती वाचावी, कारण धोका सर्वांत आधी तिच्यातून येतो. मग ‘कारणे’ हा भाग घ्यावा आणि प्रत्येक कारणासमोर पेन्सिलीने लिहावे: अधिकार, कार्यपद्धती, की जागा. चौथ्या प्रकारचे कारण म्हणून घटनेच्या अनुच्छेद ३००-अ प्रमाणे मालमत्तेचा हक्क मांडलेला असतो. जमीन काढून घेणे आणि जमिनीच्या वापरावर बंधन घालणे यांत फरक आहे, हे त्याचे नेहमीचे उत्तर आहे. तरी बंधन इतके कडक असेल की मालकाला शेतीही करता येत नाही, तर तो मुद्दा हलक्यात घेऊ नये.

सर्वांत शेवटी जोडपत्रे. येथे घाई करू नये. समजा अधिसूचनेत गट क्रमांक ११२ संपूर्ण नोंदला आहे आणि त्यानंतर पोटहिस्से पडून ११२/१, ११२/२ आणि ११२/३ झाले आहेत. याचिकाकर्ता ११२/१ चा सातबारा जोडतो. त्यात गेली काही वर्षे वरकस पीक दाखवलेले असते, भरती वरपर्यंत येते त्या पट्ट्याचा तुकडा ११२/३ मध्ये गेलेला असतो, आणि ‘माझ्या जमिनीत पाणीच नाही’ हे म्हणणे कागदावर खरे दिसते. फेरफार नोंदवहीतून पोटहिस्सा कोणत्या तारखेला पडला, मोजणी कोणत्या महिन्यात झाली आणि जुन्या सातबाऱ्यावर पोटखराब्याचे (लागवडीखाली न येणारे) क्षेत्र किती होते, एवढे काढले तर चित्र पालटू शकते. पोटखराब्याचे ‘अ’ आणि ‘ब’ असे दोन वर्ग आहेत. ओढे, तळी, रस्ते यांसारख्या सार्वजनिक उपयोगाखालचे क्षेत्र ‘ब’ मध्ये येते. हा एक अक्षरभर तपशील कित्येक पानांच्या निवेदनापेक्षा अधिक काम करतो.

चौथी पायरी: प्रकरण योग्य ठिकाणी आले आहे का, ते पाहणे

तहसीलदार किंवा प्रांत यांच्या आदेशाविरुद्ध महसूल संहितेखाली वरिष्ठ अधिकाऱ्याकडे अपील असते आणि त्यासाठी साधारणतः ६० दिवसांची मुदत असते. जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाला ९० दिवस. अपिलाचा मार्ग असताना थेट उच्च न्यायालय गाठले असेल, तर तो आक्षेप पहिल्याच तारखेला घ्यावा. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचे पश्चिम विभागीय पीठ पुण्यात आहे आणि महाराष्ट्र व गोवा दोन्ही त्याच्या कक्षेत येतात. परंतु ते केवळ अनुसूचीत दिलेल्या सात पर्यावरणविषयक अधिनियमांपुरतेच चालते; जमीन महसूल संहिता आणि नगररचना अधिनियम त्यांत नाहीत. नियम किंवा अधिसूचना घटनाबाह्य म्हणून रद्द करण्याचा अधिकारही न्यायाधिकरणाला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या स्टरलाइट प्रकरणात सांगितले आहे. न्यायाधिकरणाच्या मुदती कडक आहेत: मूळ अर्जाला वादाचे कारण प्रथम घडल्यापासून सहा महिने, परवानगीविरुद्धच्या अपिलाला ३० दिवस, आणि दोन्हींत पुरेसे कारण दाखवल्यास जास्तीत जास्त आणखी ६० दिवस.

उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खालच्या याचिकेला ठरावीक मुदत नसते, पण अवास्तव विलंब चालत नाही. अधिसूचनेनंतर दहा वर्षे स्वस्थ बसून, जमिनीचा सौदा ठरल्यावर याचिका करणाऱ्याला हा प्रश्न विचारला गेलाच पाहिजे. आपला जिल्हा कोणत्या पीठाकडे येतो हेही पाहावे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांची प्रकरणे कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे गेली आहेत.

पाचवी पायरी: कागद जमवणे

माझ्या मते सगळ्या लढ्यात अर्ध्याहून अधिक श्रम येथे घालावेत. भूमी अभिलेख कार्यालयातून गावनकाशा, फाळणी नकाशा आणि जुनी टिपणे यांच्या प्रमाणित नकला घ्याव्यात. तहसील कार्यालयातून सातबाऱ्याचे जुने हस्तलिखित उतारे आणि फेरफार, तर गोव्यात मामलेदारांकडून नमुना १ व १४ मिळवावा. माहितीच्या अधिकाराचा अर्ज १० रुपयांत होतो आणि ३० दिवसांत उत्तर येणे अपेक्षित असते; पण न्यायालयात प्रमाणित नक्कल अधिक वजनदार ठरते, म्हणून जे नकलेच्या अर्जाने मिळते ते तसेच मिळवावे आणि टिप्पण्या, पत्रव्यवहार, स्थळपाहणीचे अहवाल यांच्यासाठी माहितीचा अधिकार वापरावा. आदेशाची मूळ फाइल सर्वांत महत्त्वाची. हरकती आल्या होत्या का, त्यांचा विचार कोणत्या टिप्पणीत झाला, सुनावणीची नोटीस कोणाला गेली, हे त्यात असते. ‘मला ऐकूनच घेतले नाही’ या आरोपाचे उत्तर पोचपावतीच्या एका पानाने देता येते.

पाणी दाखवणारे पुरावे ऋतूप्रमाणे गोळा करावेत. उन्हाळ्यातला कोरडा फोटो याचिकाकर्ता जोडणारच आहे. आपल्याकडे त्याच जागेचे आषाढातले, दिवाळीनंतरचे आणि अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणातले फोटो असावेत; प्रत्येकावर तारीख, अक्षांश-रेखांश आणि फोटो काढणाऱ्याचे नाव नोंदलेले असावे. उपग्रहचित्रांची जुनी मालिका गूगल अर्थवर पाहता येते. मोबाइलमधला फोटो किंवा संगणकावरून काढलेले चित्र पुरावा म्हणून देताना १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचे प्रमाणपत्र जोडावे लागते. ते फोटो काढणाऱ्याकडून वेळीच घेऊन ठेवावे, कारण वर्षभराने त्याचा जुना फोन सापडत नाही.

भातशेतीबाबत पीकपाहणीच्या नोंदी, सोसायटीच्या पीककर्जाचे उतारे, पीकविम्याची कागदपत्रे आणि खारबंधाऱ्याच्या दुरुस्तीचे ठराव उपयोगी पडतात. गोव्यात खाजनाची मानस (भरतीचे पाणी आत-बाहेर सोडणारी झडप) कोण राखतो, शेतकरी संघटना बांधाची डागडुजी कधी करते, याची नोंद असलेली वही ही जमीन आजही एकत्रितपणे कसली जाते याचा पुरावा आहे. एका मालकाने बांध फोडला किंवा भराव टाकला, तर खारे पाणी शेजारच्या खाचरांत शिरते; त्यामुळे ‘माझ्या तुकड्याचा मी मालक’ हा युक्तिवाद खाजनात टिकत नाही, हे त्या वहीतून समजावता येते.

सहावी पायरी: स्वतः पक्षकार होणे

आदेश शासनाचा आहे, तेव्हा शासनच त्याची बाजू मांडेल, या समजुतीवर विसंबू नये. सरकारी वकिलांकडे प्रकरणांचा ढीग असतो, खात्याकडून माहिती उशिरा येते आणि प्रतिज्ञापत्र कधी कधी दोन पानांत संपते. त्यातच शासनाचे धोरण बदलले असेल, तर बचाव आणखी पातळ होतो. म्हणून ग्रामपंचायतीने, बाधित शेतकऱ्यांनी, मच्छीमार सहकारी संस्थेने किंवा स्थानिक संस्थेने हस्तक्षेपाचा अर्ज करावा. त्यात आपला संबंध नेमक्या शब्दांत सांगावा: आमच्या विहिरी या तळ्याच्या पाझरावर आहेत, आमची खाचरे याच बांधाआड आहेत, आमच्या होड्या याच खाडीतून जातात. केवळ निसर्गप्रेमाच्या आधारावर केलेल्या अर्जापेक्षा अशा अर्जाला परवानगी मिळणे सोपे जाते. ग्रामसभेचा ठराव जोडायचा असेल, तर नोटीस, उपस्थितांच्या सह्या आणि इतिवृत्त नीट असल्याची खात्री करावी. कच्चा ठराव याचिकाकर्त्याच्या हाती आयता मुद्दा देतो.

वकिलाची फी परवडत नसेल, तर विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ खाली महिला, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, दिव्यांग आणि इतर काही वर्गांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आदिवासी पाड्यांतील महिलांनी अर्जदार म्हणून पुढे येण्याचा हाही एक व्यवहार्य फायदा आहे.

सातवी पायरी: अंतरिम टप्पा सांभाळणे

अंतिम निकालाला वर्षे लागतात आणि भराव टाकायला दोन रात्री पुरतात. त्यामुळे पहिल्या तारखेला आपल्या वकिलांनी हजर राहून आदेशाला स्थगिती देऊ नये आणि जागा आहे त्या स्थितीत ठेवावी, असे दोन्ही मागणे आवश्यक आहे. स्थगिती मिळालीच, तर ती कशाला आहे हे शब्दशः वाचावे. दंडाच्या वसुलीला दिलेली स्थगिती म्हणजे बांधकामाची परवानगी नव्हे, आणि एका गटापुरती दिलेली स्थगिती शेजारच्या गटांना लागू होत नाही; तरीही गावात ‘कोर्टाने बंदी उठवली’ अशी आवई उठते आणि डंपर सुरू होतात. आदेशाची प्रत त्याच दिवशी तहसीलदार, पोलीस ठाणे आणि ग्राम महसूल अधिकाऱ्यांना (तलाठ्यांना) पोचपावती घेऊन द्यावी. भराव पडलाच, तर ताबडतोब पंचनाम्याची लेखी मागणी करावी आणि मूळ जमिनीची पातळी दिसेल असे फोटो ठेवावेत.

आठवी पायरी: म्हणणे मांडणे

याचिकाकर्ता नेहमीच मोठा विकासक असतो असे नाही. वीस गुंठ्यांचा धनी, मुलीच्या लग्नासाठी किंवा आजारपणासाठी जमीन विकू पाहणारा शेतकरीही आदेशाला आव्हान देतो, आणि त्याला सुनावणी मिळाली नसेल तर त्याची तक्रार खरी आहे. त्याला शत्रू ठरवणे अन्यायाचे तर आहेच, पण व्यूहरचना म्हणूनही चुकीचे आहे. त्याच्या जमिनीचे सीमांकन पुन्हा करून द्यावे, शेती चालू ठेवण्यास हरकत नाही असे लेखी मान्य करावे, आणि तरीही संपूर्ण आदेश पाडण्याची गरज नाही, अशी भूमिका न्यायालयाला पटते. तसे झाले, की गरीब मालकाच्या आडून मोठी खरेदी करणाऱ्याचा युक्तिवादही एकटा पडतो.

निवाड्यांचे दाखले मोजके द्यावेत. गावतळी आणि सामाईक जमिनी यांसाठी सर्वोच्च न्यायालयाचे २००१ मधील हिंचलाल तिवारी आणि २०११ मधील जगपाल सिंग हे निर्णय. नैसर्गिक संपत्ती शासन विश्वस्त म्हणून धारण करते, यासाठी कमलनाथ प्रकरण. आणि नियोजनाबाबत मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाचा १३ मार्च २०२५ चा निर्णय. गोव्याच्या नगररचना अधिनियमातील कलम १७(२) चा आधार घेऊन प्रादेशिक योजनेतील जमिनींचे क्षेत्र एकेका भूखंडापुरते बदलले जात होते. अनवधानाने झालेल्या चुका दुरुस्त करण्यासाठी असलेल्या अधिकाराने योजनाच पोखरता येत नाही, या दृष्टीने न्यायालयाने त्याखालचे नियम आणि मार्गदर्शक सूचना रद्द केल्या. राज्य शासन त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले आहे. लोकांच्या हरकती ऐकून झालेली योजना तुकड्यातुकड्याने फोडू नये, हा विचार हरित पट्ट्यातून आपला एकच गट वगळा म्हणणाऱ्या याचिकेलाही उत्तर देतो. दाखला देताना त्या निकालाची आजची स्थिती वकिलांकडून तपासून घ्यावी.

नववी पायरी: निकालानंतर

याचिका फेटाळली गेली, तर तीन महिन्यांच्या आत सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका येऊ शकते. तेथे आपले म्हणणे ऐकल्याशिवाय एकतर्फी आदेश होऊ नये यासाठी कॅव्हेट दाखल करावे. ते ९० दिवस टिकते, पुढे नव्याने करावे लागते. सुनावणी न दिल्याच्या कारणावरून आदेश रद्द होऊन प्रकरण फेरनिर्णयासाठी परत गेले, तर तो पराभव समजून पांगू नये. फेरसुनावणी होईपर्यंत जागा जैसे थे राहावी, हे निकालपत्रातच लिहून घेण्याची विनंती त्याच वेळी, न्यायमूर्ती निकाल सांगत असतानाच, करावी लागते. नंतर स्वतंत्र अर्ज करण्यात जो काळ जातो त्यात जागेचे स्वरूप बदलून गेलेले असते. परत गेलेल्या सुनावणीत आपणही लेखी म्हणणे द्यावे आणि अधिकाऱ्याने कारणांसह आदेश काढावा यासाठी आग्रह धरावा, म्हणजे पहिल्या वेळची त्रुटी दुसऱ्यांदा राहत नाही.

आदेश कायम राहिला असेल, तर निकालाची प्रमाणित प्रत जोडून तहसीलदारांकडे अर्ज करावा आणि संबंधित प्रत्येक गटाच्या सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यात संरक्षणाची नोंद घेण्याची मागणी करावी. फेरफार मंजूर होऊन नवा उतारा हाती येईपर्यंत त्याचा पाठपुरावा करावा, कारण जमीन घेणारा पहिल्यांदा पाहतो तो सातबारा, आणि दुय्यम निबंधक कार्यालयात दस्ताला जोडला जातो तोही सातबाराच.